पलंगाची उंची

पलंगाखाली चार ठोकळे हवेत.
सुईणबाईंची अटच आहे तशी:
गादी कमरेइतकी उंच,
नाहीतर रात्रभर वाकून त्यांची पाठ जाते.
दुकानात भाड्याने मिळतात ठोकळे.
मी मात्र पुलाच्या जुन्या ओकच्या फळ्या कापल्या,
चाळीस वर्षं सायकली झेललेल्या.
एक ठोकळा दोन मिलिमीटर कमी भरला.
पत्र्याची चकती घातली खाली.
वीत्सके म्हणाली, बाळ घरंगळून जाणार नाही रे तेवढ्याने.

मी पूलवाला. कालव्यावरचा हा पूल
अजून हातानेच उघडतो.
बोट भोंगा देते, मी फाटक लावतो, चाक फिरवतो,
मग गळाच्या काठीला बांधलेला लाकडी बूट
नावाड्यापुढे सोडतो टोलसाठी.
माझ्या सगळ्या कामाला असा क्रम आहे.

म्हणून यादी केली.
गरम पाण्याच्या दोन पिशव्या. टॉवेल दहा.
बादली. टॉर्च, नव्या सेलचा.
विम्यावाल्यांकडून आलेला खोका:
कापूस, नाळेचा चिमटा,
आणि मेणकापड, जे उघडल्यापासून
खोलीला नव्या तंबूचा वास येतोय.
जिना अरुंद आहे आमचा, शिडीच म्हणा.
वेळ आली तर तिला खिडकीतूनच उतरवावं लागेल,
म्हणून एका दुपारी, ती झोपलेली असताना,
खिडकी मोजून ठेवली.
हे यादीत लिहिलं नाही.

बाउक्ये आली मंगळवारी, सायकलवरून,
ओल्या हातमोज्यांनिशी.
पोट चाचपून म्हणाली, डोकं खाली आलंय.
मग माझी यादी वाचली, चष्मा कपाळावर सरकवून,
आणि विचारलं,
हे सगळं करून झाल्यावर
करण्यासारखं काही उरलं नाही, की तू काय करशील?

मला वाटलं चहा करीन म्हणावं.
म्हणालो नाही.

माझी आई सांगते, मी जन्मलो तेव्हा बाप
बोटीच्या टपाला रंग देत होता.
दुसरा हात देऊन झाला,
तरी आतून आवाज येतच होता,
मग त्याने तिसरा दिला.
त्या बोटीएवढं चकाकणारं टप
त्या साली कालव्यात दुसरं नव्हतं.

सराव करतो आम्ही रात्री.
तिच्या मुठीत बर्फाचा खडा, एक मिनिट.
मी आकडे मोजतो. ती डोळे मिटूनच म्हणते,
आकडे नकोत.
मग श्वास घेऊन दाखवतो, लांब, पोटातून,
तर मलाच घेरी येते,
आणि ती हसते, इतकी की बर्फ उडून
कपाटाखाली जातो.
माकडहाडावर तळहात रोवायचा, हे मात्र जमतं मला.
चाकाच्या दांड्यावर रोवतो तसाच.
अजून खाली, म्हणते. अजून. हं.
चोळू नकोस. नुसता ठेव.

नुसता ठेवणं कठीण आहे.
हाताला सवय नाही त्याची.

काल रात्री पलंग चढवला ठोकळ्यांवर.
आता गादी इतकी उंच, की तिला
स्टुलावर पाय देऊन चढावं लागतं.
काठावर बसली. पाय जमिनीला टेकेनात.
झुलवत राहिली, शाळेतल्या मुलीसारखी,
सुजलेले घोटे, एक मोजा उलटा.
भीती वाटते का, मी विचारलं.
हो, म्हणाली. तुला?
खिडकी मोजलीय मी, म्हणालो.
माहीत आहे. टेप गजालाच लटकत होती.

मग पोट दगडासारखं झालं, सरावातलं नव्हे,
किंवा असेलही; बाउक्ये सांगून गेलीय
की फसव्या कळाही येतात आधी.
तिने दोन्ही हात माझ्या मानेत टाकले
आणि सगळी माझ्यावर सोडली,
स्वतःला, त्याला किंवा तिला, सगळ्या दिवसाला.
पलंगाच्या उंचीमुळे तिचं कपाळ
बरोबर माझ्या खांद्याशी आलं.
हे ठोकळे कापताना लक्षात नव्हतं.

खाली कालव्यात कुणीतरी भोंगा दिला,
अवेळी, पाटीवर रात्री बंद असं लिहिलेलं असूनही.
परत दिला.
मी हललो नाही.
थोड्या वेळाने
नांगराची साखळी पाण्यात उतरताना ऐकू आली.